मेलेल्या पोपटावर जगाला हसवणारा डॉक्टर : ग्रॅहम चॅपमन

एक गिऱ्हाईक दुकानात येतं. नुकताच घेतलेला पोपट मेलेला निघाला, अशी त्याची तक्रार. दुकानदाराचं एकच पालुपद, पोपट मेलेला नाहीये, झोपलाय! १९६९ साली बीबीसीच्या ‘मॉन्टी पायथन्स फ्लाइंग सर्कस’मध्ये आलेलं हे स्केच लोक आजही बघतात. ते लिहिलं जॉन क्लीज आणि ग्रॅहम चॅपमन या जोडीने. आधी यात पोपट नव्हताच, बिघडलेली गाडी होती.

चॅपमनचा जन्म १९४१ चा, लेस्टरचा. केंब्रिजला मेडिकल शिकला, रीतसर डॉक्टर झाला आणि कॉमेडीत घुसला. शोमध्ये तो बऱ्याचदा कडक शिस्तीचा कर्नल व्हायचा. फारच पांचटपणा चाललाय म्हणत चालू स्केच बंद पाडायचा.

खऱ्या आयुष्यात मात्र शिस्तीच्या नावाने बोंब होती. रोज जिन लागायची. १९७४ मध्ये स्कॉटलंडच्या डोंगरात ‘होली ग्रेल’चं शूटिंग सुरू होतं. राजा आर्थर होता चॅपमन. दारू मिळेना म्हणून हातपाय थरथरायला लागले. एकेकाळी गिर्यारोहण करणारा हा गडी, पण दरीवरचा पूल त्याला ओलांडता येईना. शेवटी त्याचे कपडे घालून दुसराच माणूस पलीकडे गेला.

एक गोष्ट मात्र त्याने लपवली नाही. आपण समलैंगिक आहोत, हे त्याने टीव्हीवर सांगून टाकलं. त्या काळात ही साधी गोष्ट नव्हती. एका प्रेक्षक बाईंनी तर बायबलचे दाखले देत तक्रारीचं पत्र धाडलं. त्यावर ग्रुपमधल्या एरिक आयडलने कळवलं, की तो माणूस सापडला, आम्ही त्याला मारून टाकलं!

१९७७ च्या ख्रिसमसला चॅपमनने दारू सोडली. डोक्यात होती पुढच्या सिनेमातली ब्रायनची मुख्य भूमिका. वर्षभरात ट्युनिशियात ‘लाइफ ऑफ ब्रायन’चं शूटिंग लागलं, तेव्हा तो हिरो तर होताच, पण आजारी पडलेल्या युनिटला तपासणारा डॉक्टरही तोच होता.

पुढे कॅन्सरने गाठलं. ४ ऑक्टोबर १९८९ ला तो गेला, वय ४८. दुसऱ्या दिवशी शोला २० वर्षं होणार होती.

स्मृतिसभेत क्लीज बोलायला उभा राहिला. मरण्याला पोपटाच्या स्केचमध्ये जितके शब्द वापरले होते, ते त्याने मित्रासाठी म्हणायला सुरुवात केली. मग एक सणसणीत शिवीही हासडली. सभागृहात हशा पिकला.