पराभव पचविणारा लिंकन

आमच्या गावच्या शाळेत मुख्याध्यापकांच्या खोलीबाहेर एक चौकट टांगलेली होती. लिंकनने आपल्या मुलाच्या हेडमास्तरांना लिहिलेले पत्र म्हणून ती सर्वांना ठाऊक आहे. महाराष्ट्रातल्या कितीतरी शाळांच्या भिंतींवर ती दिसते. आम्ही ते पत्र तोंडपाठ म्हणत असू. कॉलेजात आल्यावर ग्रंथालयात लिंकनचे चरित्र हाती पडले आणि अधिक वाचताना कळले की, असे पत्र लिंकनने लिहिल्याचा कसलाही पुरावा अभ्यासकांना सापडलेला नाही. वाचून वाईट वाटले. पण चरित्र पुढे वाचत गेले तसतसे ते वाईट वाटणे कमी होत गेले. मुलाला हार स्वीकारायला शिकवा, असे त्या पत्रात सांगितले आहे. पत्र लिंकनचे नसेल. पण ही एक गोष्ट मात्र तो स्वतः जन्मभर शिकत राहिला.

ही गोष्ट माझ्या मनाला एवढी का लागली, तेही सांगते. काही वर्षांपूर्वी माझे थोरले चुलते, आम्ही त्यांना आबा म्हणतो, ग्रामपंचायतीच्या निवडणुकीला उभे राहिले आणि नऊ मतांनी पडले. निवडून आलेले गृहस्थ आमचे शेजारीच. दोन्ही घरांची भिंत एक. निकालाच्या दिवसापासून त्या भिंतीच्या अलीकडचे आणि पलीकडचे बोलणे बंद झाले. आजी वारली तेव्हा ते गृहस्थ दारात येऊन उभे राहिले. आबांनी मान वर केली नाही. निवडणूक जिंकावी कशी, हे सांगणारे पुष्कळ भेटतात. ती हरावी कशी, हे मात्र मला लिंकनच्या चरित्राने सांगितले.

अब्राहम लिंकनचा जन्म १२ फेब्रुवारी १८०९ रोजी अमेरिकेतील केंटकी राज्यात, लाकडी ओंडक्यांच्या एका खोलीच्या घरात झाला. वडील थॉमस शेती आणि सुतारकाम करीत. १८१६ साली हे कुटुंब इंडियानाच्या जंगलात राहावयास गेले. दोनच वर्षांत आई नॅन्सी वारली. विषारी वनस्पती खाल्लेल्या गाईंचे दूध पोटात गेल्याने होणारा तो आजार होता. अब्राहम तेव्हा नऊ वर्षांचा होता. पुढे आलेली सावत्र आई सारा हिने मात्र त्याला पोटच्या पोरासारखे वाढविले आणि त्याची वाचनाची आवड जपली. साऱ्या आयुष्यात त्याला शाळा मिळाली ती एकूण जेमतेम वर्षभराची. बाकी कुऱ्हाड चालविणे, कुंपणासाठी लाकडे फोडणे, दुसऱ्याच्या शेतात राबणे. घरात पहिल्यांदाच कॉलेजची पायरी चढणाऱ्या माझ्यासारखीला हे वाचून केवढा धीर यावा!

१८३१ साली तो इलिनॉय राज्यातील न्यू सेलम या लहानशा गावात एकटाच येऊन राहिला. पुढच्याच वर्षी, वयाच्या तेविसाव्या वर्षी, तो राज्याच्या विधिमंडळासाठी उभा राहिला. ना पैसा, ना घराणे. त्यातच एका मूलनिवासी टोळीशी लढाई सुरू झाली आणि तो स्वयंसेवक म्हणून गेला. तुकडीतल्या लोकांनी त्यालाच कप्तान म्हणून निवडले. परत आला तेव्हा प्रचाराला दिवस उरले नव्हते. १३ उमेदवारांत तो आठवा आला. निवडून यावयाचे होते चारच. पण त्याच्या गावातील ३०० मतांपैकी २७७ मते त्याला पडली होती! जे ओळखत होते त्यांनी मते दिली होती. बाकीच्यांना तो ठाऊकच नव्हता. लोकांनी थेट मतांनी केलेला त्याचा हा आयुष्यातला एकमेव पराभव.

यानंतर त्याने काय केले? लोकांवर रागावला नाही. भागीत दुकान काढले, ते बुडाले आणि कर्ज अंगावर आले. ते फेडण्यास वर्षे लागली. गावचा पोस्टमास्तर झाला, जमीन मोजणीचे काम शिकला आणि त्या कामांच्या निमित्ताने घरोघर ओळखी झाल्या. १८३४ साली पुन्हा उभा राहिला आणि निवडून आला. पुढे १८३६, १८३८ आणि १८४० सालीही. याच काळात पुस्तके उसनी आणून कायद्याचा अभ्यास केला, १८३६ मध्ये वकिलीची सनद मिळविली आणि १८३७ मध्ये तो स्प्रिंगफिल्डला वकिली करू लागला. १८४२ साली मेरी टॉड हिच्याशी त्याचा विवाह झाला. १८४६ साली तो अमेरिकेच्या काँग्रेसवर निवडून गेला, एक मुदत संपवून परतला आणि राजकारणापासून जवळजवळ दूर झाला.

१८५४ साली मात्र एका कायद्याने त्याला पुन्हा मैदानात ओढले. कॅन्सस आणि नेब्रास्का या नव्या प्रदेशांत गुलामगिरी असावी की नसावी, हे तेथील वसाहतवाल्यांनीच ठरवावे, असा तो कायदा होता. तो पुढे रेटणारा होता इलिनॉयचाच सिनेटर स्टीफन डग्लस. गुलामगिरी नव्या मुलखात पसरू द्यावयाची नाही, या एका मुद्द्यावर लिंकन उभा राहिला.

त्या काळी सिनेटर लोकांच्या मतांनी निवडला जात नसे; राज्याचे विधिमंडळ त्याला निवडून देई. १८५५ च्या सिनेट निवडणुकीत पहिल्या फेरीत लिंकन सर्वांच्या पुढे होता. गुलामगिरीच्या प्रसाराला विरोध असलेल्या लायमन ट्रंबुलच्या पाठीशी अवघे पाच सदस्य होते. पण ते पाच लिंकनकडे येईनात, फेऱ्यांवर फेऱ्या झाल्या आणि विरुद्ध बाजूचा उमेदवार निवडून येण्याचा रंग दिसू लागला. तेव्हा लिंकनने आपल्या लोकांना ट्रंबुलला मते देण्यास सांगितले. ट्रंबुल निवडून आला. लिंकनने त्याचे अभिनंदन केले. ट्रंबुलची पत्नी ही मेरी लिंकनची जिवाभावाची मैत्रीण, तिच्या लग्नातली करवली. मेरीने मात्र त्या दिवसापासून तिच्याशी मैत्री तोडली ती कायमची. हे वाचताना मला आमच्या घराची ती भिंत आठवली. एकाच घरात एक माणूस पराभव विसरतो आणि दुसरे माणूस तो उराशी धरून बसते!

१८५८ साली तो थेट डग्लसविरुद्ध सिनेटसाठी उभा राहिला. त्या वर्षी ऑगस्ट ते ऑक्टोबर दरम्यान सात गावी दोघांचे जाहीर वादविवाद झाले. पहिल्याने एक तास बोलावे, दुसऱ्याने दीड तास उत्तर द्यावे, मग पहिल्याने पुन्हा अर्धा तास, असा नियम होता. हजारो माणसे उन्हातान्हात तीन तीन तास उभी राहून ऐकत. येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. चार्ल्सटन येथील सभेत लिंकनने काळ्या लोकांना मताचा हक्क देण्याच्या आपण बाजूने नाही, असे सांगितले होते. गुलामगिरी हे पाप आहे, एवढे त्याला कळले होते. पुढचे कळावयाचे होते. थोर माणसे जन्मतःच थोर नसतात, एवढाच याचा अर्थ.

राज्यभरात लिंकनच्या पक्षाच्या उमेदवारांना थोडी अधिक मते मिळाली. पण मतदारसंघांच्या रचनेमुळे विधिमंडळात डग्लसचे सदस्य जास्त आले. जानेवारी १८५९ मध्ये ५४ विरुद्ध ४६ मतांनी डग्लस सिनेटर झाला. मते अधिक असून पराभव! पण लिंकनने निकालावर धूळ उडविली नाही. त्या सात वादविवादांची वृत्तपत्रांतील कात्रणे त्याने जपून चिकटवून ठेवली. १८६० साली त्यांचे पुस्तक निघाले आणि हरलेल्या माणसाचे विचार देशभर पोहोचले.

मे १८६० मध्ये शिकागो येथे रिपब्लिकन पक्षाचे अधिवेशन भरले. न्यूयॉर्कचा विल्यम सेवर्ड हाच उमेदवार होणार, असे बहुतेकांना वाटत होते. तिसऱ्या फेरीत निवड झाली ती लिंकनची. आणि प्रचार कसा? त्या काळच्या प्रथेप्रमाणे उमेदवाराने स्वतः मते मागत हिंडणे शोभत नसे. लिंकन स्प्रिंगफिल्डलाच बसून राहिला. त्याच्यासाठी तरुणांची पथके रात्री मशाली घेऊन मिरवणुका काढीत. लाकडे फोडणारा उमेदवार म्हणून त्याची ख्याती पसरविण्यात आली. डग्लसने मात्र प्रथा मोडून देशभर भाषणे केली. ब्रेकिनरिज आणि बेल असे आणखी दोन उमेदवार होते. ६ नोव्हेंबर १८६० रोजी मतदान झाले. लिंकनला एकूण मतांपैकी ४० टक्क्यांहून किंचित कमी मते मिळाली. पण राज्याराज्यांतून निवडल्या जाणाऱ्या निर्वाचकांपैकी ३०३ मधले १८० त्याचे आले. तेव्हा मतपत्रिका पक्षच छापून वाटीत असत. दक्षिणेतील दहा राज्यांत त्याच्या नावाची मतपत्रिकाच नव्हती. आणि देशात कोठेही या निवडणुकीत एकाही स्त्रीला मत नव्हते. ते साऱ्या देशातील स्त्रियांना मिळाले १९२० साली.

आता या कथेचे मर्म येते. दक्षिणेने हा पराभव मानला नाही. निवडणुकीत भाग घेतला होता, मते दिली होती. पण निकाल मनासारखा लागला नाही म्हणून २० डिसेंबर १८६० रोजी साउथ कॅरोलिना राज्य संघराज्यातून बाहेर पडले. लिंकनने ४ मार्च १८६१ रोजी शपथ घेतली तोवर अशी सात राज्ये फुटली होती. १२ एप्रिलला तोफा धडाडल्या आणि चार वर्षांचे यादवी युद्ध सुरू झाले. गुलामगिरी टिकविण्यासाठी त्यांनी मतपेटी झुगारून दिली आणि सहा लाखांहून अधिक माणसे मेली!

याउलट डग्लसकडे पाहा. आपण हरणार, हे ऑक्टोबरातच त्याला कळून चुकले होते. तेव्हा तो स्वतःसाठी मते मागणे सोडून दक्षिणेत गेला आणि निकाल काहीही लागो, देश फोडू नका, असे सांगत फिरला. शपथविधीच्या वेळी लिंकनला टोपी कोठे ठेवावी हे सुचेना, तेव्हा डग्लसने ती आपल्या हातात धरली, असे सांगतात. युद्ध सुरू होताच तो लिंकनच्या बाजूने बोलत राहिला आणि जून १८६१ मध्ये वारला. जन्मभराच्या प्रतिस्पर्ध्याची टोपी हातात धरणे सोपे का आहे?

१ जानेवारी १८६३ रोजी लिंकनने गुलाममुक्तीचा जाहीरनामा अमलात आणला. पण १८६४ चा उन्हाळा फार वाईट गेला. व्हर्जिनियात सैनिक हजारोंनी मरत होते आणि विजय दिसत नव्हता. त्यातच अध्यक्षपदाची निवडणूक आली. विरोधात उभा होता जनरल मॅकलेलन, ज्याला लिंकननेच सेनापतिपदावरून दूर केले होते. युद्ध आहे तोवर निवडणूक पुढे ढकलावी, असे म्हणणारेही होते. लिंकनने ते ऐकले नाही. बंडखोरांमुळे निवडणूक रद्द करावी लागली, तर बंडखोर आताच जिंकले असे होईल, असे त्याचे मत होते.

२३ ऑगस्ट १८६४ रोजी त्याने एका कागदावर काही ओळी लिहिल्या, कागद बंद केला आणि आपल्या मंत्र्यांना आतील मजकूर न वाचता मागे सह्या करावयास सांगितले. त्यांनी केल्या. आत काय होते? आपले सरकार बहुधा निवडून येणार नाही. तसे झाले तर नव्या अध्यक्षाच्या हाती सूत्रे जाईपर्यंत त्याच्याशी सहकार्य करून देश वाचविणे आपले कर्तव्य आहे, हा निश्चय! हातात प्रचंड सैन्य असलेला माणूस आपल्या पराभवाची तयारी करीत होता. सत्ता टिकविण्याची नव्हे, ती नीट सोपविण्याची.

दैवाने वेगळे घडविले. सप्टेंबरच्या सुरुवातीस अटलांटा शहर पडले आणि वारे फिरले. कित्येक राज्यांनी सैनिकांना छावणीतच मतदान करू दिले. ८ नोव्हेंबरला लिंकन २१२ विरुद्ध २१ निर्वाचक मतांनी निवडून आला. तीन दिवसांनी त्याने तो कागद मंत्र्यांसमोर उघडला आणि आपण कशावर सह्या केल्या, हे त्यांना तेव्हा कळले.

पुढचे सर्वांना ठाऊक आहे. ९ एप्रिल १८६५ रोजी जनरल ली शरण आला. ११ एप्रिलच्या भाषणात लिंकनने काही काळ्या लोकांना, विशेषतः सैनिक म्हणून लढलेल्यांना, मताचा हक्क असावा अशी इच्छा जाहीरपणे व्यक्त केली. सात वर्षांपूर्वी चार्ल्सटनला बोललेला तोच हा माणूस! श्रोत्यांत जॉन विल्क्स बूथ नावाचा नट होता. १४ एप्रिलच्या रात्री त्याने नाट्यगृहात लिंकनवर गोळी झाडली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी लिंकनची प्राणज्योत मालवली. वय अवघे ५६. मतपेटीचा निर्णय न मानणाऱ्यांची ही शेवटची गोळी होती.

त्याच वर्षाच्या अखेरीस घटनादुरुस्तीने अमेरिकेतील गुलामगिरी संपली. त्या लढ्याची वार्ता पुण्यापर्यंत पोहोचली होती. १८७३ साली महात्मा जोतीराव फुले यांनी आपला गुलामगिरी हा ग्रंथ गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना अर्पण केला. फुल्यांनी दारे उघडली नसती, तर माझ्यासारखी मुलगी हे चरित्र वाचावयास कॉलेजात आली असती का?

लोकशाही जिंकणाऱ्यांमुळे चालते, असे आपण समजतो. मला वाटते, ती हरणाऱ्यांमुळे टिकते. जिंकणाऱ्याला निकाल मान्य असतोच. त्यात त्याचे कौतुक काय?

दिवाळीच्या सुटीत ही सारी हकीकत मी आबांना सांगितली. ते अंगणात दोरी वळीत बसले होते. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग डग्लसने लिंकनला किती मतांनी हरविले होते, एवढेच त्यांनी विचारले. मी म्हटले, आठ. आपली नऊ होती, असे म्हणून ते पुन्हा दोरी वळू लागले. पण त्या संध्याकाळी पलीकडच्या घरी फराळाचे ताट घेऊन मी निघाले, तेव्हा त्यांनी मला अडविले नाही.