पंधरा मिनिटांची मैफल

1950 च्या जुलै महिन्यात न्यूयॉर्कहून टीव्हीवर एक नवा कार्यक्रम सुरू झाला. आठवड्यातून तीनदा, दर वेळी फक्त पंधरा मिनिटं. एक देखणी, तिशीची बाई पियानो वाजवायची, गायची, की वेळ संपायची. आपल्या मुंबईत दूरदर्शन यायला तेव्हा बावीस वर्षं अवकाश होता. ड्युमाँट वाहिनीवरच्या या कार्यक्रमाला नाव तिचंच होतं, हेझल स्कॉट. स्वतःच्या नावाचा देशभर दिसणारा कार्यक्रम मिळालेली अमेरिकेतली ती पहिली कृष्णवर्णीय स्त्री. सप्टेंबर संपायच्या आत तो बंद पडला.

हेझल मूळची त्रिनिदादची. जन्म 1920 चा. चार वर्षांची असताना आईबरोबर न्यूयॉर्कला आली. आई स्वतः वादक. आठव्या वर्षी पोरीनं ज्युलिअर्ड या नामांकित संगीतशाळेत वाजवून दाखवलं. प्रवेशाचं वय सोळा. पण तिथल्या एका प्राध्यापकानं तिला खासगीत शिकवायचं कबूल केलं. पुढे 1939 मध्ये बिली हॉलिडेनं शब्द टाकला आणि हेझल 'कॅफे सोसायटी'त वाजवू लागली. काळे आणि गोरे श्रोते शेजारी शेजारी बसत, अशा मोजक्या जागांपैकी ही एक. बाख किंवा शोपँ ती आधी शिस्तीत वाजवायची, आणि मग त्याच सुरावटीत जॅझचा ठेका असा काही मिसळायची की खुर्चीतल्या माणसाचा पाय आपोआप हलावा!

सारा जन्म बँकेत करारपत्रं वाचण्यात गेल्यामुळे असेल, पण मला तिच्या बोटांइतकंच तिच्या करारांचं कौतुक वाटतं. काळ्या-गोऱ्यांना वेगवेगळं बसवलं तर कार्यक्रम होणार नाही, हे तिचं कलम. 1948 मध्ये टेक्ससमधल्या ऑस्टिनला तशी बैठक दिसताच ती न वाजवता निघाली. सिनेमात मोलकरणीची भूमिका करणार नाही, हे दुसरं. 1943 च्या 'द हीट्स ऑन'मध्ये सैनिकांना निरोप देणाऱ्या काळ्या बायकांना मळके एप्रन दिले, तर हेझलनं तीन दिवस काम बंद ठेवलं. एप्रन गेले, बायकांना चांगले कपडे आले. दोनेक वर्षांत हेझलचा सिनेमाही गेला.

टीव्हीचं तसंच झालं. कार्यक्रम सुरू होण्याच्या काही दिवस आधीच, जूनमध्ये, 'रेड चॅनल्स' नावाची पुस्तिका निघाली होती. सरकारी नव्हे, खासगी. कम्युनिस्टांशी संबंध असल्याच्या संशयावरून त्यात 151 नावं छापली होती. त्यात हेझलचं नाव. जाहिरातदार अशा यादीला घाबरत. तिचा नवरा अ‍ॅडम क्लेटन पॉवेल तर अमेरिकी संसदेचा सभासद. गप्प बसणं सोयीचं होतं, आणि खरं सांगायचं तर तिच्या जागी आपल्यापैकी बहुतेकजण गप्पच बसले असते. पण 22 सप्टेंबरला ती आपण होऊन संसदेच्या चौकशी समितीपुढे उभी राहिली. आपण कम्युनिस्ट नाही, हे सांगितलंच. शिवाय पुरावा न देता कलावंतांची पोटं मारणाऱ्या या याद्यांचा तिथेच समाचार घेतला. बरोबर आठवड्यानं, 29 तारखेला, कार्यक्रम संपला.

यादीमुळे तो जाणारच होता की साक्षीमुळे गेला, यावर वाद घालता येईल. मला वाटतं, साक्षीनं फक्त तारीख अलीकडे आली.

नंतर मैफली आटत गेल्या. 1955 मध्ये चार्ल्स मिंगस आणि मॅक्स रोच यांच्या साथीनं तिनं केलेली तबकडी मात्र जाणकार अजून काढून ऐकतात. पुढे ती पॅरिसला राहायला गेली, 1960 मध्ये घटस्फोट झाला, 1967 मध्ये न्यूयॉर्कला परतली. तिथेच 1981 च्या ऑक्टोबरात, एकसष्टाव्या वर्षी कर्करोगानं गेली.

ड्युमाँट वाहिनी 1956 मध्येच बुडाली. हेझलच्या कार्यक्रमाचा एकही भाग आज पाहायला मिळत नाही. राहिलाय तो 'द हीट्स ऑन'मधला तुकडा : एक पांढरा पियानो, एक काळा, मध्ये हेझल, आणि दोन हात दोन पियानोंवर. 2019 च्या ग्रॅमी समारंभात अ‍ॅलिशिया कीजनं तसेच दोन पियानो एकदम वाजवले, आणि ते करताना हेझलचं नाव घेतलं.