पॉटसाहेबांची नडगी

चिमाजीअप्पांनी वसईचा किल्ला घेतला त्याला १६-१७ वर्षे होत आली होती. त्या १७५६ साली तिकडे लंडनमध्ये पर्सिव्हल पॉट हे नामवंत शल्यवैद्य घोड्यावरून पडले. नडगीचे हाड मोडून कातडीबाहेर आले. तेव्हा अशा जखमेवर पाय कापणे हाच रिवाज.

जावयाने लिहिलेल्या चरित्रात पुढची हकिगत आहे. पॉट यांनी कुणालाही पायाला हात लावू दिला नाही. थंडीत रस्त्यावरच पडून राहिले, एक दार विकत घेतले, त्याला दांडे ठोकवून त्यावरून घरी गेले. हत्यारेही मांडून झाली होती, तेवढ्यात गुरू एडवर्ड नोर्स आले आणि त्यांनी पाय वाचवून पाहण्याचे सुचवले. पाय वाचला!

पुढे अस्थिभंगावरील पुस्तकात त्यांनी घोट्याजवळच्या मोडीचे वर्णन केले. तिला त्यांचेच नाव पडले. गंमत अशी, की पुष्कळांना ती त्यांची स्वतःचीच मोड वाटते.

आकड्यांत असला घोटाळा होत नाही. वसई-विरारमध्ये कुणी लोकलमधून पडला, तर विम्याच्या अर्जात रुग्णालयाने भरायच्या भागात रोगाचा सांकेतिक क्रमांक लागतो. आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत गुडघ्याच्या वाटीपासून घोट्यापर्यंतच्या मोडींना एस ८२. त्यात घोट्याच्या आतल्या-बाहेरच्या उंचवट्यांना ८२.५ आणि ८२.६, नडगीच्या मधल्या भागाला ८२.२. शेवटी शून्य असले तर जखम बंद, एक असला तर उघडी.

पॉटसाहेबांचा पाय एस ८२.२१.