रायगडाची राखण आणि तीस वर्षांची कैद

रत्नागिरी जिल्ह्यात किल्ले पाहावयास येणारा प्रवासी राजापूर तालुक्यातील नाटे येथे हमखास थांबतो. जैतापूरच्या खाडीवर नजर ठेवणारा तेथील यशवंतगड आणि जवळचा आंबोळगड त्याला ठाऊक असतात. त्याच जिल्ह्यात, सह्याद्रीच्या पायथ्याशी असलेल्या शृंगारपूरकडे मात्र फार थोडे वळतात. संगमेश्वर तालुक्यातील हे गाव म्हणजे महाराणी येसूबाईंचे माहेर.

शृंगारपूर पूर्वी सुर्व्यांचे. १६६१ मध्ये शिवाजी महाराजांनी ते जिंकले आणि तेथील मातब्बर सरदार पिलाजीराव शिर्के स्वराज्यात आले. हे नाते सोयरिकीने पक्के झाले. पिलाजीरावांची कन्या येसूबाई संभाजीराजांना दिली गेली, तर महाराजांची कन्या राजकुंवर हिचा विवाह येसूबाईंचे बंधू गणोजी यांच्याशी झाला. राजघराण्यातील विवाह हे त्या काळी तहाचेच एक रूप असे. युरोपातील सरदारकन्यांची कथाही याहून वेगळी नव्हती.

संभाजीराजांच्या कारकिर्दीत येसूबाई केवळ अंतःपुरात राहिल्या नाहीत. राजे मोहिमांवर असताना रायगडावरील कारभारात त्यांचा सहभाग असे आणि त्यांच्या नावाची स्वतंत्र मुद्राही होती. माहेर मात्र दुरावत गेले. शिर्के मंडळी मोगलांना मिळाली. १ फेब्रुवारी १६८९ रोजी संभाजीराजे संगमेश्वरी पकडले गेले, तेही शृंगारपूरच्याच मुलखात.

आपल्या कादंबऱ्या आणि नाटके बहुधा तुळापूरला संपतात. येसूबाईंच्या आयुष्याचा कसोटीचा भाग तेथेच सुरू होतो. पुत्र शाहू अवघ्या सहा वर्षांचे होते. त्यांना गादीवर बसवून स्वतः कारभार पाहणे हा मार्ग येसूबाईंना मोकळा होता. त्यांनी तो नाकारला. जेमतेम एकोणीस वर्षांच्या दिराला, राजारामांना, पुढे करण्यात आले आणि रायगडाला वेढा पडल्यावर त्यांना गडाबाहेर काढून देण्यात आले. स्वतः येसूबाई मुलासह गडावर राहिल्या. राजघराण्यातील सारेच एका ठिकाणी सापडले असते तर राज्यच उरले नसते, हा त्यामागील हिशेब. तो अचूक ठरला. राजाराम जिंजीला पोहोचले आणि युद्ध पुढे अठरा वर्षे चालू राहिले.

त्याची किंमत येसूबाईंनी दिली. १६८९ च्या नोव्हेंबरात रायगड पडला आणि त्या शाहूंसह मोगल छावणीत गेल्या. औरंगजेब दक्षिणेत जेथे जाई तेथे ही छावणी जाई आणि तिच्यासोबत हे कैदीही. शाहूंना सात हजारी मनसब मिळाली, बादशहाची कन्या झीनतउन्निसा हिचा त्यांच्यावर लोभ होता. तरीही कैद ती कैदच.

१७०७ मध्ये औरंगजेब मरण पावला. आझमशहाने शाहूंना सोडले, पण त्यांच्या वर्तनाचे ओलीस म्हणून येसूबाईंना ठेवून घेतले. पुत्र दक्षिणेकडे निघाला, माता दिल्लीकडे. इकडे शाहू आणि ताराबाई यांच्यात गादीसाठी झुंज लागली. ज्या भाऊबंदकीला टाळण्यासाठी येसूबाईंनी पुत्राचा हक्क मागे ठेवला होता, ती अखेर उभी राहिलीच, आणि ती थोपवण्यास त्या येथे नव्हत्या.

सुटका झाली ती राजकारणाच्या ओघात. सय्यद बंधूंना मराठी फौजेची गरज होती. बालाजी विश्वनाथ सैन्यासह दिल्लीस गेले, फर्रुखसियर पदच्युत झाला आणि १७१९ च्या मार्चमध्ये स्वराज्य, चौथाई व सरदेशमुखी यांच्या सनदा हाती आल्या. पाठ्यपुस्तकांत या सनदांनाच अधिक जागा मिळते. राजमातेची मुक्तता त्याच वाटाघाटीतील मागणी होती, हे मात्र एका ओळीत उरकले जाते.

१७१९ च्या जुलैत येसूबाई साताऱ्यास पोहोचल्या. शाहू आता सदतीस वर्षांचे छत्रपती होते आणि मायलेकरांची भेट बारा वर्षांनी होत होती. येसूबाईंनी अखेरपर्यंत राखलेला रायगड मात्र तेव्हा जंजिऱ्याच्या सिद्दीकडे होता. मराठ्यांना तो परत मिळाला १७३३ मध्ये.