सुभद्राकुमारी चौहान : कवितेच्या वाटेने इतिहासाकडे

इतिहास हा विषय मुलांना नावडता का होतो, हा प्रश्न आपल्यापैकी बहुतेक पालकांना कधी ना कधी पडलेला असतो. सनावळ्या, तहांची कलमे आणि लढायांची नावे परीक्षेपुरती पाठ होतात आणि उन्हाळ्याच्या सुटीत विसरली जातात. परंतु आपल्या या जबलपुरातील कोणत्याही शाळकरी मुलास झाशीच्या राणीविषयी विचारून पाहावे. तो तत्काळ एक दीर्घ हिंदी कविता म्हणू लागेल आणि म्हणता म्हणता त्याची मान आपोआप ताठ होईल. पाठ्यपुस्तकाच्या दहा पानांना जे साधत नाही ते एका कवितेने साधले आहे. ती कविता लिहिणाऱ्या सुभद्राकुमारी चौहान यांचे कार्यक्षेत्र आपले हेच नगर होते. मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेत त्यांच्या चरित्राचे स्मरण करावे असे आम्हांस वाटले, ते मात्र स्थानिक अभिमानापुरते नव्हे. त्यांनी जिची कथा हिंदी प्रदेशात घरोघरी पोचविली ती तांब्यांची लेक आणि नेवाळकरांची सून होती. महाराष्ट्रापासून दूर वाढणाऱ्या आपल्या मुलांना स्वतःचा इतिहास प्रथम भेटतो तो असा, शेजारच्या भाषेतून.

सुभद्राकुमारींचा जन्म १६ ऑगस्ट १९०४ रोजी, नागपंचमीच्या दिवशी, अलाहाबाद जिल्ह्यातील निहालपूर येथे एका ठाकूर घराण्यात झाला. वडिलांचे नाव ठाकूर रामनाथसिंह. ज्या काळात अशा घराण्यांतील मुली उंबरठ्याबाहेर क्वचितच पडत, त्या काळात सुभद्राकुमारी अलाहाबादच्या क्रॉस्थवेट कन्याशाळेत शिकल्या. नवव्या वर्षी लिहिलेली त्यांची कडुनिंबाच्या झाडावरील कविता 'मर्यादा' या मासिकात छापून आली होती. पुढे ज्या महादेवी वर्मा म्हणून विख्यात झाल्या, त्या याच शाळेत त्यांच्यापेक्षा खालच्या वर्गात होत्या. महादेवी लपून कविता करतात याचा पत्ता सुभद्राकुमारींना लागला आणि त्यांनी ती वार्ता सगळ्या वसतिगृहात पसरविली. दोघींचा जन्मभराचा स्नेह तेथून जडला.

१९१९ मध्ये खंडव्याचे ठाकूर लक्ष्मणसिंह चौहान यांच्याशी त्यांचा विवाह झाला. लक्ष्मणसिंह स्वतः नाटककार होते, ही गोष्ट आमच्या विषयाच्या दृष्टीने ध्यानात ठेवण्याजोगी आहे. १९२० साली जबलपुरातून माखनलाल चतुर्वेदींच्या संपादकत्वाखाली 'कर्मवीर' पत्र निघू लागले. त्या पत्राच्या निमित्ताने लक्ष्मणसिंह येथे आले आणि सुभद्राकुमारीही शिक्षण अर्धवट टाकून १९२१ च्या असहकार चळवळीत उतरल्या. घरात पडदा पाळला जावा अशी रीत होती. तो पडदा त्यांनी दूर केला आणि खादीचे साधे लुगडे नेसून त्या घरोघर व सभांतून हिंडू लागल्या.

मार्च १९२३ मध्ये जबलपूरच्या नगरपालिकेच्या इमारतीवर राष्ट्रीय निशाण फडकविण्यावरून झेंडा सत्याग्रह सुरू झाला. त्याचे लोण नागपुरास पोचले आणि तेथे त्यास अखिल भारतीय रूप आले. या सत्याग्रहात अटक करवून घेणाऱ्या देशातील पहिल्या स्त्रियांत सुभद्राकुमारींची गणना होते. त्यावेळी त्यांचे वय अवघे अठरा वर्षांचे होते. पुढेही दोघां पतिपत्नींना तुरुंगवास घडले, संसाराची ओढाताण झाली, मुलांची आबाळ झाली. पण लेखणी थांबली नाही. 'मुकुल' हा काव्यसंग्रह १९३० मध्ये आणि 'बिखरे मोती' हा कथासंग्रह १९३२ मध्ये निघाला. या दोन्ही पुस्तकांना हिंदी साहित्य संमेलनाचे सेकसरिया पारितोषिक मिळाले.

'झाँसी की रानी' ही कविता 'मुकुल'मधील. ही कथा आपण बुंदेलखंडातील हरबोल्यांच्या, म्हणजे गावोगाव फिरून वीरगाथा गाणाऱ्या लोकांच्या तोंडून ऐकली, असे कवयित्रीने कवितेतच वारंवार बजावले आहे. प्रत्येक कडव्याच्या शेवटी तेच ध्रुपद येते. आपल्याकडील पोवाड्याशी या रचनेचे नाते कोणाच्याही ध्यानात येईल. तीत कठीण शब्द नाहीत, चाल ठेक्याची आहे आणि कथा बालपणापासून मृत्यूपर्यंत सरळ चालते. म्हणूनच सात-आठ वर्षांचे मूलही ती सहज पाठ करू शकते.

या कवितेतील एका ओळीकडे मात्र जबलपूरच्या मराठी माणसाने थांबून पाहावे असे आम्हांस वाटते. १८५७ च्या वणव्याचे वर्णन करताना कवयित्रीने जबलपूर आणि कोल्हापूर ही दोन नावे शेजारी शेजारी ठेवली आहेत. नर्मदाकाठचे एक आणि पंचगंगाकाठचे दुसरे. मुले ही ओळ भरधाव म्हणून पुढे जातात. पण त्या दोन नावांमागे केवढा इतिहास उभा आहे! जबलपुरात गढा-मंडल्याच्या गोंड राजवंशातील राजा शंकरशाह आणि त्यांचे पुत्र रघुनाथशाह यांना १८ सप्टेंबर १८५७ रोजी इंग्रजांनी तोफेच्या तोंडी दिले. शत्रूचा नाश व्हावा म्हणून देवीस आळविणारे एक पद्य शंकरशाहांच्या घरझडतीत सापडले आणि तेच त्यांच्याविरुद्ध पुरावा ठरले. त्याच रात्री येथील ५२ वी पलटण उठून निघून गेली. त्यापूर्वी ३१ जुलैच्या रात्री कोल्हापुरात २७ वी पलटण उठली होती. पुढे छत्रपतींचे धाकटे बंधू चिमासाहेब यांस इंग्रजांनी कराचीस नेऊन ठेवले आणि त्यांचा अंत तेथेच झाला. कवितेतील एक ओळ अशी दोन दारे उघडते. दारातून आत नेण्याचे काम मात्र कवितेचे नव्हे, ते घरातील वडीलधाऱ्यांचे आणि शिक्षकांचे.

कवितेची मर्यादा येथेच स्पष्ट होते. हरबोल्यांच्या गाण्यातील राणी प्रथमपासूनच रणरागिणी आहे. इतिहासाच्या कागदांत दिसणाऱ्या लक्ष्मीबाई अधिक गुंतागुंतीच्या आणि म्हणूनच आम्हांस अधिक थोर वाटतात. जून १८५७ मध्ये झाशीत इंग्रजांची कत्तल झाली आणि बंडवाले शिपाई दिल्लीकडे निघून गेले. मागे उरलेल्या अनाथ शहराची जबाबदारी या तरुण विधवेवर येऊन पडली. तेव्हा त्यांनी सागर-नर्मदा प्रदेशाचा कमिशनर अर्स्किन यास पत्रे लिहून घडलेला प्रकार कळविला. या अर्स्किनचे ठाणे जबलपुरास होते. कंपनीचा अधिकारी येईपर्यंत आपणच कारभार पाहावा, असे त्याने जुलैच्या आरंभी उत्तर पाठविले. पुढे सरकारने विश्वास ठेवला नाही, ह्यू रोजची फौज मार्च १८५८ मध्ये झाशीवर चालून आली, आणि मग त्यांनी शस्त्र धरले ते जूनमध्ये ग्वाल्हेरच्या रणांगणावर देह ठेवीपर्यंत. शांततेने राज्य राखू पाहणारी स्त्री युद्धास कशी उभी राहिली, हे या पत्रांवाचून कळत नाही. आणि ही पत्रे आपल्या या शहरात आली होती, हे येथील किती मुलांना ठाऊक असेल?

कवितेत राणीचे वय तेवीस वर्षांचे सांगितले आहे. राणीचा जन्म १८३५ चा धरणारे तसे मानतात, तर १८२८ मानणाऱ्यांच्या हिशेबाने ते तिशीला टेकलेले होते. ग्वाल्हेरचे शिंदे इंग्रजांच्या बाजूस राहिले, हेही कवितेत आले आहे. मराठी घरातील चौकस मूल यावर प्रश्न विचारल्यावाचून राहणार नाही. असे प्रश्न आले की पालकांनी गडबडून जाऊ नये. मूल प्रश्न विचारू लागले म्हणजे इतिहास शिकू लागले, असेच समजावे.

उत्तरे शोधण्याची साधने तर आपल्या मराठीत भरपूर आहेत. दत्तात्रय बळवंत पारसनीस यांनी राणीचे चरित्र १८९४ मध्ये प्रसिद्ध केले. वरसईचे विष्णुभट गोडसे वेढ्याच्या काळात प्रत्यक्ष झाशीत होते. त्यांचा 'माझा प्रवास' चिंतामणराव वैद्य यांनी १९०७ मध्ये प्रकाशात आणला. झाशीतील लुटालूट, जळणारी घरे आणि तेथील ग्रंथसंग्रहाची झालेली धूळधाण एका साध्या भिक्षुकाच्या डोळ्यांनी त्यात पाहावयास मिळते. मध्य भारतात आयुष्य घालविलेले भा. रा. तांबे यांनी राणीच्या समाधीवर कविता लिहिली, आणि वि. वा. शिरवाडकरांनी 'वीज म्हणाली धरतीला' हे नाटक १९७० मध्ये दिले. हिंदी कवितेने मुलाच्या मनात ठिणगी पाडावी आणि या मराठी ग्रंथांनी ती तेवत ठेवावी, असा योग आपल्यासारख्या दोन भाषांत जगणाऱ्या कुटुंबांनाच लाभू शकतो.

सुभद्राकुमारींनी मुलांसाठी लिहिलेली आणखी एक कविता या संदर्भात सांगितलीच पाहिजे. 'सभा का खेल' हे तिचे नाव. भावंडे मिळून सभेचा खेळ मांडतात. एक गांधीजी होतो, धाकटा नेहरू, ताई सरोजिनी नायडू. कोणाला पंचा पुरतो, कोणाला खादीचा सदरा हवा, ताईला आईची चांगलीशी साडी. आणखी दोघे पोलीस होऊन लाठ्या चालविणार असतात. धाकटा मात्र आधीच बजावतो की आपण मार खाणार नाही, कोणी मारले तर उलट मारू. तेव्हा थोरला त्याला समजावतो की नेहरू व्हायचे तर गांधीजींचे ऐकून मार सोसावा लागेल. खेळातला मार तो, पण तेवढ्यात त्या लहानग्याला अहिंसेचा अर्थ कळून जातो. नाट्यातून इतिहास कसा शिकवावा, यावर मोठमोठे प्रबंध लिहिले गेले असतील. पण त्याचे मर्म या बालगीतात आले आहे. ज्याची भूमिका घ्यायची त्याचे व्रतही अंगावर घ्यावे लागते. पोशाख चढविणे सोपे असते, उलट हात न उगारणे कठीण, आणि मुलाला इतिहास कळतो तो या कठीण जागी. नाटककाराच्या घरी हे सुचले यात नवल ते काय!

जे लिहिले ते त्यांनी आचरिलेही. १९३७ मध्ये आणि पुन्हा १९४६ मध्ये त्या मध्यप्रांत व वऱ्हाडच्या विधानसभेवर निवडून आल्या. त्या काळी जबलपूर आणि नागपूर एकाच प्रांतात होते आणि त्या सभागृहात हिंदी व मराठी सभासद शेजारी बसत. कन्या सुधा यांचा विवाह प्रेमचंदांचे पुत्र अमृतराय यांच्याशी झाला तेव्हा जातीचे बंधन त्यांनी मानले नाही, आणि माणसाचे दान माणसाने करावे हे मान्य नसल्याने कन्यादानाचा विधीही केला नाही.

फेब्रुवारी १९४८ मध्ये तिलवारा घाटावर गांधीजींच्या अस्थी नर्मदेत विसर्जित झाल्या. त्यानंतर थोड्याच दिवसांनी शिक्षण खात्याच्या एका बैठकीसाठी त्या नागपुरास गेल्या. १५ फेब्रुवारी रोजी मोटारीने परत येत असताना सिवनीजवळ अपघात होऊन त्यांचे निधन झाले. रस्त्यावर आलेली कोंबडीची पिले वाचविण्याच्या प्रयत्नात मोटार झाडावर आदळली, असे सांगतात. तो दिवस वसंतपंचमीचा होता. नागपंचमीस आरंभलेले हे आयुष्य वसंतपंचमीस, त्रेचाळिसाव्या वर्षी संपले. २७ नोव्हेंबर १९४९ रोजी जबलपूर महानगरपालिकेच्या आवारात त्यांच्या पुतळ्याचे अनावरण महादेवी वर्मा यांनी केले. १९७६ मध्ये टपाल खात्याने त्यांचे तिकीट काढले आणि २००६ मध्ये तटरक्षक दलाच्या एका जहाजास त्यांचे नाव देण्यात आले.

परंतु पुतळे, तिकिटे आणि जहाजे यांहून मोठे स्मारक मुलांच्या मुखी आहे. ते जिवंत राखण्याचा आमच्या मते सोपा उपाय एकच. येत्या गणेशोत्सवात मंडळाच्या मुलांकडून ही कविता अवश्य म्हणवून घ्यावी. पण तेथे थांबू नये. तिच्यापुढे एक छोटा प्रवेश जोडावा. झाशीहून पत्र घेऊन हरकारा जबलपुरास आला आहे, कमिशनर ते वाचीत आहे, आणि उत्तर काय द्यावे याचा विचार करीत आहे. एका मुलाने राणीसाहेबांची बाजू मांडावी, एकाने कमिशनरची, एकाने शंकरशाहांची. संवाद मराठीत असावेत आणि ते मुलांनी पालकांच्या मदतीने ग्रंथ उघडून स्वतः लिहावेत. कमिशनरची भूमिका करणाऱ्या मुलासही त्याच्या मनात काय चालले असेल याचा प्रामाणिक विचार करू द्यावा. असे एक नाटक बसले तर त्या मुलांना सन १८५७ पुन्हा पाठ करावे लागणार नाही. मनू तांबे कोण होती, हे त्यांना आपल्या भाषेत कळेल. आणि तिची ओळख ज्यांनी प्रथम करून दिली त्या सुभद्राकुमारींचे ऋण मानण्याची बुद्धीही त्यांच्या ठायी उपजेल.