अटकेचे झेंडे लक्षात राहिले, सुरतेचा तह विसरला

सुरत : नवापूरची हद्द ओलांडून पोटापाण्यासाठी उधना-लिंबायतला स्थायिक झालेल्या आपल्या खानदेशी माणसाला सुरत म्हटलं की शिवछत्रपतींच्या १६६४ आणि १६७० च्या स्वाऱ्या आठवतात. पण इंग्रज-मराठ्यांचं पहिलं युद्धही याच शहरातल्या एका कागदावरून पेटलं. तो कागद रघुनाथराव पेशव्यांचा, म्हणजे राघोबादादांचा.

थोरल्या बाजीरावांचा हा मुलगा, जन्म १७३४ चा. १७५८ मध्ये दादा लाहोरपर्यंत गेले, त्यांच्या फौजा पुढे अटकेला भिडल्या. मराठीत अटकेपार झेंडे आले ते तिथूनच. दादा स्वतः अटकेला पोचले नव्हते आणि पुण्याला परतले ते कर्जाचा बोजा घेऊन, हे मात्र कुणी सांगत नाही.

पुढे पुतण्या माधवरावांशी बिनसलं. १७६८ मध्ये आपल्या शेजारच्या नाशिक जिल्ह्यातल्या धोडप किल्ल्यापाशी दादा हरले, शनिवारवाड्यात नजरकैदेत पडले. ३० ऑगस्ट १७७३ ला नारायणरावांचा खून झाला. दादा पेशवे झाले खरे, पण बारभाईंनी त्यांना टिकू दिलं नाही.

मग दादा इंग्रजांच्या आश्रयाला आले. ६ मार्च १७७५ रोजी सुरतेचा तह झाला. अडीच हजार फौजेच्या बदल्यात त्यांनी साष्टी आणि वसई देऊ केली. हीच ती वसई, जी त्यांच्या सख्ख्या काकांनी, चिमाजीअप्पांनी, १७३९ मध्ये पोर्तुगीजांकडून घेतली होती. त्या तटाखाली हजारो मराठे पडले होते. तहाला जेमतेम ३६ वर्षं झालेली. तिथं लढलेले काही म्हातारे तेव्हा गावोगावी जिवंत असणारच. त्यांना काय वाटलं असेल?

युद्ध सात वर्षं चाललं. १७८२ च्या सालबाईच्या तहात इंग्रजांनी दादांचा हात सोडला. वर्षाला तीन लाखांची नेमणूक घेऊन ते कोपरगावला गोदाकाठी राहिले आणि ११ डिसेंबर १७८३ ला तिथेच वारले.

याच युद्धात १७७९ मध्ये वडगावला इंग्रज शरण आले. त्या विजयाचा स्तंभ मावळात उभा आहे, लोक तिथं जातात. आणंदजवळच्या अडासला मे १७७५ मध्ये लढाई झाली, तिकडे आपल्यातलं कोण जातं? तिथं एका बाजूला हरिपंत फडक्यांची फौज होती, दुसऱ्या बाजूला इंग्रजांसोबत दादांची. पडलेले मराठे दोन्हीकडचे होते.