व्हॅनिलाच्या वेलीला फळ देणारा मुलगा

हिंदी महासागरात मादागास्करच्या पूर्वेस रेयुनियन नावाचे एक डोंगराळ बेट आहे. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ते बूर्बाँ या नावाने ओळखले जात असे. तेथे फ्रेंचांची सत्ता होती आणि मळ्यांवर गुलाम राबत असत. याच बेटावरील सँत सुझान या गावी १८२९ साली एका गुलाम स्त्रीच्या पोटी एडमंडचा जन्म झाला. जन्मतःच त्याची आई त्याला अंतरली. गुलामाच्या मुलाला आडनाव नसे, आणि शाळेचे तोंडही त्याला कधी पाहावयास मिळत नसे. एडमंडच्या वाट्याला हेच जीवन आले.

पुढे तो फेरेओल बेलिए-बोमाँ या मळेवाल्याकडे वाढला. या गृहस्थांना वनस्पतींचा मोठा छंद होता. बागेत हिंडताना ते लहानग्या एडमंडला बरोबर नेत व झाडांची नावे सांगत. एकदा त्यांनी त्याला भोपळ्याच्या जातीच्या एका वेलीची फुले दाखवली. अशा वेलींवर नरफुले व मादीफुले वेगवेगळी असतात. नरफुलातील पराग मादीफुलातील कुक्षीवर पडल्यावाचून फळ धरत नाही. हे काम एरवी कीटक करतात. पण ते माणसाच्या हातूनही करता येते, हे एडमंडने त्या वेळी पाहिले आणि मनात पक्के ठेवले.

याच बागेत व्हॅनिलाची एक वेल होती. मूळची मेक्सिकोची ही वेल १८२० च्या सुमारास बेटावर आणण्यात आली होती. तिच्या सुगंधी शेंगांना युरोपात फार मोल येई. वेल फोफावे, फुलेही येत; परंतु वर्षांमागून वर्षे लोटली, तरी शेंग काही धरेना. याचे कारण त्या फुलाच्या रचनेत दडलेले होते. व्हॅनिलाच्या एकाच फुलात पराग आणि कुक्षी ही दोन्ही असतात. पण त्यांच्यामध्ये एक पातळ पडदा आडवा येतो. त्यामुळे पराग आपोआप कुक्षीवर पडत नाहीत. मेक्सिकोच्या अरण्यातील काही मधमाश्या ते काम करीत, परंतु त्या मधमाश्या या बेटावर नव्हत्या. शिवाय फूल उमलते ते एकाच दिवसापुरते. तेवढ्या अवधीत परागीभवन झाले नाही, तर ते सुकून गळून जाते.

बेल्जियममधील शार्ल मोरेन या शास्त्रज्ञाने १८३६ साली व्हॅनिलाचे कृत्रिम परागीभवन करून दाखवले होते. परंतु मळ्यात रोज शेकडो फुलांवर करता येईल अशी सोपी रीत तोवर कोणाच्या हाती आलेली नव्हती.

१८४१ साली एके दिवशी बेलिए-बोमाँ नेहमीप्रमाणे बागेत फिरत होते. व्हॅनिलाच्या वेलीवर त्यांना हिरव्या शेंगा दिसल्या. ते थक्क झाले. एडमंडने नम्रपणे सांगितले की, ही करामत आपली आहे. बारा वर्षांच्या पोराच्या बोलण्यावर त्यांचा विश्वास बसेना. काही दिवसांनी आणखी एक शेंग धरली, तेव्हा त्यांनी त्याला ती कृती करून दाखवावयास सांगितले.

एडमंडने एक ताजे फूल हाती धरले. बांबूच्या बारीक काडीने त्याने आतील पडदा अलगद वर उचलला आणि अंगठ्याने परागांचा पुंजका कुक्षीवर हलकेच दाबला. काम क्षणात संपले! पुढचे काम निसर्गाचे होते. कुक्षीवर पडलेल्या परागकणांतून सूक्ष्म नलिका फुटतात. त्या खाली उतरत अंडाशयातील बीजांडांपर्यंत पोहोचतात. तेथे नलिकेतून आलेल्या पुंपेशीचा बीजांडातील अंडपेशीशी संयोग होतो. यालाच फलन म्हणतात. फलनानंतर बीजांडांची बीजे होतात आणि अंडाशय वाढून त्याची शेंग बनते.

ही वार्ता बेटभर पसरली. ती रीत शिकवण्यासाठी एडमंडला मळ्यामळ्यांतून नेण्यात आले. व्हॅनिलाची लागवड झपाट्याने वाढली. १८४८ साली बेटावरून सुमारे ५० किलो व्हॅनिला फ्रान्सला गेली होती. पन्नास वर्षांनी ती सुमारे २०० टनांवर पोहोचली. मळेवाले धनवान झाले.

एडमंडच्या पदरी मात्र काय पडले? १८४८ साली बेटावरील गुलामगिरी नष्ट झाली. एडमंड स्वतंत्र झाला आणि त्याला आल्बियस हे आडनाव मिळाले. परंतु पोट भरण्यास साधन मिळाले नाही. शहरात तो स्वयंपाकघरात नोकरी करू लागला. तेथे दागिन्यांच्या चोरीत तो सापडला आणि त्याला सक्तमजुरी झाली. तेव्हा बेलिए-बोमाँ यांनी त्याच्यासाठी रदबदली केली. बेटाच्या या उपकारकर्त्याची आठवण त्यांनी अधिकाऱ्यांना करून दिली आणि एडमंडची मुदतीपूर्वीच सुटका झाली.

पुढे रिशार नावाच्या एका नामांकित वनस्पतिशास्त्रज्ञाने या शोधावर आपला हक्क सांगितला. एका अशिक्षित गुलाम मुलाला असे काही सुचेल, हे अनेकांना खरे वाटत नव्हते. परंतु बेलिए-बोमाँ यांनी जे डोळ्यांनी पाहिले होते, त्याची लेखी साक्ष दिली. त्यांच्या सत्यनिष्ठेमुळेच शोधाचे श्रेय एडमंडच्या नावावर राहिले.

९ ऑगस्ट १८८० रोजी एडमंड आल्बियस सँत सुझान येथील रुग्णालयात दारिद्र्यातच मरण पावला. ज्याने बेटाला संपत्ती दिली, त्याला त्या बेटाने जिवंतपणी काहीच दिले नाही. पुढे त्याच्या गावी त्याचे स्मारक उभे राहिले. पण त्याचे खरे स्मारक निराळेच आहे. आजही मादागास्करपासून भारतापर्यंत व्हॅनिलाच्या मळ्यांत फुले उमलली की, माणसे भल्या सकाळी हाती बारीक काडी घेऊन वेलींपाशी जातात आणि एकेका फुलावर तीच कृती करतात, जी बारा वर्षांच्या एका गुलाम मुलाने शोधून काढली.